ताबा-पावती

शेवटची गाडी कुवेतच्या रस्त्याला लागली तेव्हा
मी धुलाईखान्यात मशीन मोजत होतो.
एकूण चौदा. चालू नऊ.
इस्त्र्या सहा, पैकी दोन शॉक देणाऱ्या.
मालक न सापडलेले मोजे: वजनावर.

बिगूल, सलामी, झेंड्याची घडी
सकाळीच उरकली होती, ऊन चढायच्या आत.
मागे राहिलो आम्ही, कंत्राटदाराची माणसं,
आणि बसऱ्याच्या वतीने ताबा घ्यायला आलेले
मुजबिलसाहेब, बगलेत रेक्झिनची पिशवी,
कॉलर उलटवून शिवलेला सदरा,
पाच महिन्यांचा पगार थकलेला.

आमच्या दापोलीकडे बसरा म्हणजे
नथीतला मोती. बसराई.
वहिनीने तसाच एखादा आणायला सांगितलं होतं.
सहा वर्षांत मी इथे पाहिलं ते
बंदुकीचं तेल, घाम, जेवणाचे डाग,
कधीकधी थंड पाण्यानेच काढायचे डाग,
गरम पाण्याने ते कायमचे बसतात.

मुजबिलसाहेब यादीवरून बोट फिरवत होते.
"भिंती कुठे आहेत यात?"
भिंती यादीत नव्हत्या.
बारा फुटी, सिमेंटच्या, एकीला एक लावून पार फाटकापर्यंत.
उचलायला क्रेन लागते, आणि क्रेन सकाळीच गेली,
सगळ्यात पुढे.

म्हणजे दिलेल्याही नाहीत, नेलेल्याही नाहीत.
बाहेरच्या अंगाला आताच पोस्टरं चढली होती,
एकावर एक, खळ अजून ओली.
चार पक्षांनी चार पाण्याच्या टाक्या वाटून घेतल्या
आणि झेंडे लावले. टाक्या रिकाम्या होत्या.

अशारच्या बाजारात, म्हणे, पहाटेपासून
आमचे बूट, आमच्या खाटा, आमचे पंखे.
आमचे म्हणजे त्यांचे. जीभ अजून वळत नाही.
उम्म सलवान शेंगदाण्याचं लोणी विकते आहे
सांधेदुखीवरचं मलम म्हणून.
डॉलर दुपारी चढला, संध्याकाळी उतरला,
सराफाने दोन्ही वेळा फळा पुसला
त्याच फडक्याने.

मग आम्ही दांडीपाशी आलो.
टोकन दोनशे बारा. वर्दी, एक जोड.
खिशावरची नावाची पट्टी उसवलेली,
दोऱ्याची टोकं तशीच.
दुभाष्या होता. तीन वर्षं
दोन्ही बाजूंचं बोलणं त्याच्या तोंडातून गेलं
आणि शेवटच्या विमानाच्या यादीत
त्याचं नाव कुणाच्या तोंडून आलं नाही.
महिना झाला, फोन बंद.

"ही कोणाची?"
मी खोटं बोललो. म्हटलं, बेवारस,
चिंध्यांत टाकतो.
साहेबांनी ती हँगरवरून काढली.
टेबलावर उपडी पसरली, बाह्या मागे दुमडल्या,
डाव्या बाहीला एक घडी जास्त घातली.
तो डावा हात चार बोटं आखूड होता,
लहानपणी मोडून वाकडा जुळलेला.
हे मला ठाऊक होतं, मापं मीच घेतली होती.
यांना कुणी सांगितलं?

मी विचारलं नाही.
वर्दी पिशवीत गेली, पिशवी बगलेत.
यादीत मी लिहिलं: चिंध्या, एक नग, निकालात.

सही करताना त्यांचं पेन थांबलं.
"चालू नऊ. पाणी कुठून यायचं यांना?"
टँकरने, मी म्हणालो. त्यांच्या टँकरने.
"आणि आता?"
आता नळ. ते खिडकीतून बघत राहिले.
नळाला नदीचं पाणी, नदीत समुद्र चढलेला,
त्या पाण्यात धुतलेलं काळं कापड
वाळलं की मिठाने पांढरं पडतं.

त्यांनी नवाला काट मारली नाही.
बाजूला कंसात बारीक अक्षरात काहीतरी लिहिलं,
मला अरबी वाचता येत नाही,
आणि शिक्का मारला. शाई सुकलेली होती.
दुसऱ्यांदा मारला.
तिसऱ्यांदा शिक्क्यावर फुंकर घातली, तोंडाची वाफ दिली,
तेव्हा कुठे निम्मा उमटला.